कासवाचा घास

आमच्या विहिरीत कासव नव्हतं. ही गोष्ट माझ्या वडिलांना कायम खटकत असे. वडिलांना आम्ही आबा म्हणायचो. जामखेडहून खर्ड्याकडे जाताना जी माळरानाची गावं लागतात, त्यांतलं एक आमचं. तिकडे नवी विहीर खणून झाली की तिच्यात एक कासव सोडायची रीत होती. ते शेवाळ खातं, पाण्यात पडलेलं किडूकमिडूक खातं, म्हणून पाणी स्वच्छ राहतं, असं लोक सांगत. आणि मग जरा आवाज खाली आणून दुसरं कारण सांगत, की कासव असलं म्हणजे विहीर हटत नाही, तिचं पाणी आटत नाही.

आबांनी आपल्या दोन भावांबरोबर विहीर खणली, तेव्हा मी अजून शाळेतही जात नव्हतो. त्या वेळी कासव आणायचं राहिलं आणि मग दरवर्षी राहतच गेलं. शेजारच्या मळ्यातल्या विहिरीत ते होतं. दुपारी पायरीवर ऊन खात बसायचं आणि माणसाची चाहूल लागली की डुबकन पाण्यात जायचं. बाहत्तर साली पाऊस आला नाही. दिवाळीनंतर आमच्या विहिरीचा तळ दिसायला लागला. शेजारचीही आटली, पण आमच्यानंतर, थोडे दिवस जास्त टिकून. आबांनी तेवढ्यावरून काय ते ओळखलं. काठावर उकिडवे बसून ते आईला म्हणाले, "कासव सोडाया पायजे हुतं." ते चेष्टेनं बोलत नव्हते.

त्याच हिवाळ्यात अक्का माहेरी आली.

अक्का माझी थोरली बहीण. चौथीनंतर तिची शाळा सुटली, कारण आई शेतात जायची आणि घरी मला सांभाळायला कुणी नव्हतं. पुढे मी तालुक्याच्या हायस्कुलात जाऊ लागलो, तेव्हा पहाटे उठून माझी भाकरी तीच बांधून द्यायची. फडक्याच्या एका कोपऱ्यात चटणी आणि दुसऱ्या कोपऱ्यात कधी गुळाचा खडा, तो मात्र आईला न सांगता. आमच्या घरात कॉलेजचं तोंड पाहिलेला पहिला माणूस मी. लोक माझं कौतुक करत तेव्हा मला ते फडकं आठवायचं, अजूनही आठवतं. तिचं लग्न झालं, बीडच्या बाजूला दिली. वर्षा-दीड वर्षात मुलगा झाला. तो पाच महिन्यांचा असताना तापानं गेला.

दाजी तिला एसटीनं घेऊन आले. दाजी म्हणजे तिचा नवरा, भला माणूस. पायरीवरच बसून चहा प्याले आणि आबांना म्हणाले, "मामा, थोडे दिस ऱ्हाऊ द्या हिला. तिकडं घरात पाळणा टांगलेला हुता. काडून ठिवला तरी तिला तो दिसतोच म्हनती." मग ते परतीच्या गाडीनं गेले.

अक्का रडत नव्हती. सांगितलेलं काम करायची, पाणी आणायला टँकरच्या रांगेत उभी राहायची, आणि ताटावर बसली की भाकरीचा तुकडा मोडून त्याचे बारीक बारीक तुकडे करत राहायची. आई ते पाहत बसायची. आईच्या हातांत धान्य कमीच होतं त्या वर्षी, रेशनवर मिळणाऱ्या मिलोची, म्हणजे परदेशी ज्वारीची, लाल भाकरी सगळ्यांच्या घशाखाली नाइलाजानं जात होती. पण अक्काला मिलो नको होता असं नाही. तिला काहीच नको होतं. मी परीक्षा देऊन नगरहून सुट्टीला आलो तेव्हा दारात जी बाई उभी होती, तिला ओळखायला मला क्षणभर वेळ लागला. तिच्या बांगड्या कोपरापर्यंत सरकत होत्या.

आईनं मला चुलीपाशी बोलावून हळूच सांगितलं, "ही अशीच ऱ्हायली तर पुढचा पावसाळा बघत न्हाई रं."

गावाबाहेर दुष्काळी काम निघालं होतं, खडी फोडायचं. आम्ही सगळेच जायचो. मोठे दगड फोडायला वडारांची तीन-चार कुटुंबं आली होती, तेलंगणाकडची. दुपारी सुकडी, म्हणजे सरकारकडून येणारं गोड सुकं पीठ, वाटायचे. अक्का आपल्या वाट्याची सुकडी पदरात घ्यायची आणि एका वडारणीच्या कडेवरच्या पोराला नेऊन द्यायची. त्याच्या तोंडाला सुकडीचं पीठ माखलेलं ती उभी राहून बघायची आणि परत येऊन हातोडा उचलायची. ती वडारीण सुरुवातीला हसायची, मग हसेनाशी झाली. बायांना अशा गोष्टी सांगाव्या लागत नसाव्यात.

वैशाखात त्या लोकांचा मुक्काम हलला. जायच्या सकाळी ती बाई आमच्या झोपडीवजा घरापुढे आली. तिच्या हातात टोपली होती आणि टोपलीत कासव.

आम्ही असं कासव पाहिलं नव्हतं. विहिरीतली कासवं चपटी, मळकट असतात. याची पाठ उंच, घुमटासारखी, आणि काळ्या पाठीवर पिवळ्या रेघांच्या चांदण्या. पाय जाड, खवल्यांचे, खांबासारखे. "आमच्या मुलकाचं हाय," ती अक्काला म्हणाली. "पोरं संगं घिऊन फिरत्यात. आता गाडीत जागा न्हाई, दगडाखाली मरंल. तू सांबाळ. पाला खातंय." तिनं टोपली खाली ठेवली, अक्काच्या गालावरून बोटं फिरवून आपल्या कानशिलावर मोडली आणि गाडीमागे चालायला लागली.

आबा घरी आले, त्यांनी ते पाहिलं, आणि पुष्कळ महिन्यांनी त्यांचा चेहरा उजळला. "विहिरीचं कासव," ते म्हणाले. "आपल्या पायानं चालत आलं बघा."

"विहिरीत पानी कुटं हाय?" आई म्हणाली.

"येईल. ते आल्यावर पानी यीनारच. तवर ह्याला जगवा."

अंगणात एक फुटका रांजण होता. तो आम्ही आडवा करून अर्धा मातीत पुरला, आत वाळू टाकली आणि कासवाला तिथे ठेवलं. त्यानं आत जाऊन तोंड भिंतीकडे केलं आणि डोकं आत घेतलं. चार दिवस काही खाल्लं नाही. येणारा-जाणारा उपाय करून जाई. चुलतीनं भाकरीचा तुकडा त्याच्या तोंडाशी नेऊन खुपसला, तेव्हा त्यानं फुस्स असा आवाज केला आणि चुलती ओरडत मागे पडली. गल्लीतली पोरं काडीनं टोचायची. कामावरच्या बाया थांबून म्हणायच्या, "मिलोची भाकर चारा की त्याला. त्याला बी कळू दे सरकारचं राज." आबा म्हणायचे, "समद्या गावात ह्यो एकच पाव्हणा हाय ज्येला कसली घाई न्हाई." पण त्यांनाही काळजी लागली होती. कासव मेलं असतं तर त्यांनी ते विहिरीचं मरण समजलं असतं.

अक्का हे सगळं दारात बसून बघत होती. पाचव्या दिवशी सकाळी ती उठली, पोरांना हाकललं आणि रांजणासमोर बसली.

ती कशी बसली ते मला नीट आठवतं. उभी राहून वाकली नाही. सरळ जमिनीवर मांडी घातली, रांजणाच्या तोंडापासून जरा बाजूला, म्हणजे तिची सावली त्याच्यावर पडत नव्हती. न्हाणीच्या पाण्यावर जेवढं हिरवं उगवायचं, तेवढंच गावात हिरवं होतं. तिथून तिनं घोळाच्या भाजीची चार पानं देठासकट आणली होती. देठ चिमटीत धरून तिनं पान जमिनीला टेकवलं, कासवाच्या तोंडाच्या पातळीवर, आणि हात तसाच ठेवला. पुढे नेला नाही, मागे घेतला नाही. काही बोललीही नाही. ऊन अंगणात आलं आणि तिच्या पाठीवर चढलं. मी दोनदा आत-बाहेर केलं. ती तशीच.

बऱ्याच वेळानं डोकं बाहेर आलं. त्यानं पान पाहिलं, तोंड उघडलं, आतली गुलाबी जीभ दिसली, आणि एकदम एक घास तोडला. अक्काचा हात हलला नाही.

त्या दिवसापासून ते तिचं काम झालं. हळूहळू तिला त्याची रीत कळली आणि तिच्यामुळे आम्हालाही. सकाळी ऊन अंगात भिनल्याशिवाय ते खात नसे, म्हणून आधी त्याला उन्हात आणून ठेवायचं. उचलायचं ते दोन्ही हातांनी, बाजूंनी, आडवंच. वाकडं केलं की ते पाय झाडायचं. डोक्यावर कधी हात न्यायचा नाही. पान लांब देठाचं असावं, कारण त्याची चोच कातरीसारखी होती आणि पान कुठं संपतं नि बोट कुठं सुरू होतं, ते त्याला कळत नसे. त्यानं ओढलं तर सोडून द्यायचं, झटका द्यायचा नाही. आणि झाल्यावर राख लावून हात धुवायचे. हे शेवटचं आईचं होतं. "रांजणातली घान तोंडात जाईल, दोन-दोनदा धू," ती ओरडायची.

आईनं आणखी एक गोष्ट केली, ती तेव्हा माझ्या लक्षात आली नाही. एका सकाळी तिनं अक्काची भाकरी ताटात न वाढता रांजणाजवळ आणून तिच्या मांडीवर ठेवली आणि म्हणाली, "ते एकलं खात न्हाई ग. तू तोंड हालवलंस की त्याला बी भूक लागती."

"कोन म्हनलं?"

"मी बघितलंय. काल तू घास घेतला न्हाईस, त्यानं दोनच पानं खाल्ली."

अक्कानं कासवाकडे पाहिलं, भाकरीचा एक तुकडा मोडून तोंडात घातला आणि चावला. मग पान पुढे धरलं. कासवानं खाल्लं. तिनं दुसरा तुकडा घेतला. आई चुलीकडे वळली आणि पदरानं नाक पुसलं. अशी दोघं समोरासमोर जेवायची, अंगणात, रोज. चुलती एकदा कुंपणापलीकडून म्हणाली, "लेकराच्या जागी कासव घिऊन बसली ही बया." ती दुष्ट नव्हती, तिचं तोंड तसं होतं. आई तिच्याकडे न बघता म्हणाली, "बसू दे. जेवती तर हाय."

घोळ पुरेना तेव्हा मी माळावरून फड्या निवडुंग आणायचो. काटे विस्तवावर भाजून काढायचे आणि फड्याचे काप करायचे. एके दिवशी त्याची लाल बोंडं मिळाली. अक्कानं ती सोलली आणि रसानं तिची बोटं लाल झाली. तिच्या ध्यानात आलं नाही. तिनं फोड धरली, कासवानं फोड सोडून तिचं बोट धरलं.

मी धावलो. "हालवू नगंस," ती मला म्हणाली, अगदी शांतपणे. बोट त्याच्या चोचीत होतं आणि बोंडाच्या लाल रसाखालून रक्त येत होतं. तिनं ओढलं नाही. दुसऱ्या हातानं त्याच्यापुढे फोड धरली आणि वाट पाहिली. ते चावत नव्हतं, नुसतं घट्ट धरून होतं, आणि मधूनच आणखी आत ओढल्यासारखं करत होतं. शेवटी त्यानं बोट सोडलं आणि फोड घेतली.

अक्का बोट पाहत बसली आणि मग रडायला लागली. बाळ गेल्यापासून पहिल्यांदा. ती मोठ्यानं रडली, अंगणात, दिवसाउजेडी, पाठीचा कणा हलेपर्यंत. मी बोटाला हळद लावायला वाकलो तर आईनं मला मागे ओढलं. "ऱ्हाऊ दे," ती म्हणाली. "बोटासाठी न्हाई रडत ती." कासव आपली फोड खात होतं. रडणं संपल्यावर अक्कानं पदर सारखा केला, राखेनं हात धुतले, परत येऊन बसली आणि उरलेली भाकरी संपवली.

जूनमध्ये मी नगरला परत गेलो. पाऊस त्या वर्षी चांगला झाला. विहीर भरायला वेळ लागला, पण पोळ्याच्या सुमारास आबांचा निरोप आला की पाणी पायऱ्यांवर आलंय आणि दाजी अक्काला न्यायला येणार आहेत, तूही ये. मी गेलो. अक्काच्या बांगड्या मनगटावर थांबल्या होत्या. ती मला पाहून म्हणाली, "भावड्या, कालिजात उपाशी ऱ्हातोस का काय? माझ्या कासवाचा गळा बी तुझ्यापरास जाड हाय." तिनं थट्टा केली, याचाच मला फार आनंद झाला.

कासव सोडायचं ते अक्का जायच्या दिवशी, तिच्याच हातानं, असं आबांनी ठरवलं होतं. लेक सासरी जाते, कासव आपल्या पाण्यात जातं, एकाच मुहूर्तावर. यात त्यांना फार बरं वाटत होतं. आई म्हणाली, "हाय तिथं ऱ्हाऊ द्या की. मी घालीन पाला." आबा म्हणाले, "अगं, पान्यातलं जित्राब रांजनात किती दिस ठिवायचं? एवडं जगवलं ते कशासाटी? त्याला त्याचं घर नगं का?" कासव पाण्यातलंच, याबद्दल आमच्यापैकी कुणालाही शंका नव्हती. मी सायन्सला होतो. मलाही नव्हती.

आम्ही सगळे विहिरीवर गेलो. आईनं त्याच्या पाठीवरच्या चांदण्यांवर हळद-कुंकू वाहिलं, आबांनी नारळ फोडला. पाण्याला लागून जी पायरी होती, तिच्यावर अक्का बसली आणि दोन्ही हातांनी, आडवं धरून, तिनं त्याला पाण्यावर ठेवलं आणि हात सोडले.

ते आधी बुडालं, मग वर आलं. पाय मारत होतं. मान जेवढी लांब होईल तेवढी लांब करून वर काढली होती. इतकी लांब मान आम्ही आधी कधी पाहिली नव्हती.

"पवतंय, पवतंय," आबा म्हणाले. त्यांचे डोळे भरून आले होते.

"आबा, ते माज्याकडं बगतंय," अक्का म्हणाली. "खायाला मागतंय." आणि तिनं हात पुढे केला.

"नगं पोरी," आबा वरून म्हणाले. अगदी मायेनं म्हणाले. "आता त्याला हाताची सवय नगं लावू. तू जानार, मग ते कुनाच्या हाताची वाट बगंल? शिकू दे त्याला."

अक्कानं हात मागे घेतला. कासव पायरीपासून लांब गेलं, थोडा वेळ पाण्यावर त्याचं डोकं दिसलं आणि मग खाली गेलं. पाणी हिरवं होतं, खालचं काही दिसलं नाही. "गेलं घरी," आबा म्हणाले आणि खोबऱ्याचे तुकडे वाटायला लागले. अक्का पायरीवरून उठेना. दाजींनी वरून हळू हाक मारली, "चला, गाडी चुकंल." मग ती उठली. एसटीत बसल्यावर तिनं खिडकीतून आईला सांगितलं, "सकाळच्या पारी पायरीवर घोळ ठिवत जा. वर आलं तर खाईल."

आई पाला ठेवत गेली. तिसऱ्या दिवशी आबांना कासव पाण्यावर उलटं तरंगताना दिसलं.

त्यांनी ते बादलीनं काढलं आणि बांधावर पुरलं. त्यांना वाटलं, नवं पाणी बाधलं, गारठा बाधला. "अक्काला इतक्यात कळवू नगा," त्यांनी आईला आणि मला सांगितलं. ती आत्ताच सावरलीय, असं त्यांचं म्हणणं होतं आणि ते खरं होतं. विहिरीचं काय होईल, याबद्दल ते एक शब्द बोलले नाहीत. पाणी त्या वर्षी हटलं नाही. त्याबद्दलही बोलले नाहीत.

मला कळलं ते हिवाळ्यात, कॉलेजच्या प्रयोगशाळेत. आमचे सर सरपटणारे प्राणी शिकवत होते. टेबलावर दोन कासवं होती, वाळवून ठेवलेली. सरांनी एकाचा पाय उचलून दाखवला. बोटांमध्ये पातळ पडदा, वल्ह्यासारखा. हे पाण्यातलं. मग दुसऱ्याचा पाय. जाड, खवल्यांचा, खांबासारखा. हे जमिनीवरचं, सर म्हणाले, याला पोहता येत नाही. त्याची पाठ उंच होती आणि तिच्यावर चांदण्या होत्या. माझ्या शेजारचा मुलगा आकृती काढत होता. मी पेन्सिल हातात धरून बसून राहिलो. मला ती लांब केलेली मान दिसत होती. ते खायला मागत नव्हतं. ते नाक पाण्याबाहेर ठेवायचा प्रयत्न करत होतं, आणि हात पुढे आला असता तर हातावर चढलं असतं.

मी शिकलो याचा मला अभिमान आहे. ज्यांनी शिकवलं आणि ज्यांच्या कष्टांवर शिकलो, त्या सगळ्यांचं देणं मी मानतो. पण माझ्या शिक्षणातून आमच्या घराला सर्वांत आधी जे समजलं ते हे होतं.

संक्रांतीला घरी गेलो तेव्हा मी आबांना सांगितलं. सांगावं की नाही, याचा विचार एसटीत सगळी वाट केला होता. ते गोठ्यापुढे दोर वळत होते. ऐकता ऐकता त्यांचा हात थांबला.

"म्हंजी त्याला येतच नव्हतं?"

"नाही."

"आन आमी म्हनलं, शिकू दे." त्यांनी दोराकडे पाहिलं. वळलेला दोर सुटून त्याचे पदर मोकळे होत होते, तिकडे त्यांचं लक्ष नव्हतं. "तू सांगितलंस ते बरं केलंस," ते म्हणाले. "पर तिला सांगू नगंस. सांगायचं तर म्या सांगीन."

नागपंचमीला अक्का माहेरी आली. अंगानं भरली होती, आणि आईनं पाहताक्षणी ओळखलं की तिला दिवस गेलेत. सगळं घर त्या बातमीत होतं. दुपारी अक्का न्हाणीमागे गेली, घोळाची जुडी खुडली आणि कुणाला काही न बोलता विहिरीकडे निघाली. आबा खाटेवरून उठले आणि तिच्या मागे गेले. मी त्यांच्या मागे.

ती त्याच पायरीवर बसली होती. तिनं देठ चिमटीत धरून पान पाण्याला टेकवलं होतं आणि हात स्थिर ठेवला होता, जसा रांजणापुढे ठेवायची तसा. आबा वरच्या पायरीवर बसले.

"पोरी," ते म्हणाले, "ते न्हाई आता."

अक्का वळली नाही. "कवा गेलं?"

"तू गेलीस आन दोन दिसांनी दिसलं. म्या बांदावर पुरलं."

"आन आई निरोप धाडती, पाला खातंय म्हनून."

"ते आमीच ठरवलं हुतं."

तिनं पान तसंच पाण्याला टेकवून धरलं. मग म्हणाली, "आबा, त्याला पवता येत नव्हतं का?"

आबांनी माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं, ते म्हणतील की थंडीनं गेलं, नव्या पाण्यानं गेलं. पोटुशी लेक समोर बसलेली असताना कोणत्याही बापानं तेच म्हटलं असतं.

"न्हाई," ते म्हणाले. "येत नव्हतं. ते जमिनीवरचं हुतं. तू हात पुडं केल्ता, म्या नगं म्हनलं. तू बरूबर हुतीस."

अक्कानं हातातलं पान सोडलं. ते पाण्यावर तरंगत राहिलं. "त्याची मान," ती म्हणाली, "मला रातीची दिसती." आणि मग ती नव्हे, आबाच रडले, स्वतःचे गुडघे धरून. मी त्यांना त्याआधी कधी रडताना पाहिलं नव्हतं. अक्का त्यांच्या पाठीवर हात ठेवून बसली. हात तिनं हलवला नाही.

त्या संध्याकाळी आईनं पुरणाची दिंडं केली होती. अक्कानं ताट पुढे घेतलं, एक दिंड मोडलं आणि त्याचे बारीक बारीक तुकडे करायला लागली. आबा मान खाली घालून बसले होते. आईनं तिच्या बोटांकडे पाहिलं. आमच्याकडे आई सगळ्यांची जेवणं झाल्यावर जेवायची, सणालासुद्धा. मी तिला कधी कुणाबरोबर ताटावर बसलेलं पाहिलं नव्हतं. तिनं परात बाजूला सारली, एका थाळीत स्वतःला वाढून घेतलं आणि अक्काच्या समोर, जरा बाजूला, जमिनीवर मांडी घालून बसली. एक तुकडा मोडला, तोंडात घातला आणि सावकाश चावत राहिली. काही बोलली नाही, घाई केली नाही.

बऱ्याच वेळानं अक्कानं वर पाहिलं.